एन. डी. सर : मोर्चातले सगळ्यांना आठवतात, सभागृहातले कुणाला?

मंगळवारपेठकर

१७ जानेवारी आली की आमच्या तालमीच्या ग्रुपवर प्रा. एन. डी. पाटील सरांचे फोटो सुरू होतात. एकूण एक फोटो मोर्चातला, नाहीतर सभेतला. २०२२ साली सर गेले तेव्हाही लढवय्या म्हणूनच सगळीकडं लिहून आलं. ते खोटं नाही. पण हा माणूस तीन वेळा विधान परिषदेत होता, १९६० ते ६६, १९७० ते ७६ आणि लगेच १९७६ ते ८२. त्यातच १९७८ ते ८० सहकारमंत्री. पुढं १९८५ ते ९० आपल्या कोल्हापूरचा आमदार. बेरीज करा, तेवीस वर्षं होतात. त्याबद्दल कुणी चार ओळी लिहीत नाही.

माझं म्हणणं सरळ आहे. सरांचा मोर्चा सरकारला जड जायचा, कारण पुढं चालणारा माणूस सभागृहात मुरलेला होता. आदेश कुठल्या कलमाखाली निघाला, पैसा कुठल्या लेखाशीर्षातून आला, हे विचारणारा नेता दारात आला की साहेब लोकांना फाईल उघडावीच लागते. नुसत्या घोषणा असत्या तर निवेदन घेऊन चहा पाजून वाटेला लावलं असतं.

ज्यांनी तो काळ पाहिलाय, वाचलाय, त्यांनी लिहा. आत्ताच्या निवडणुकीची भांडणं इथं नकोत, त्यासाठी ढीगभर धागे आहेत.

कृष्णाकाठची

आमचं माहेर वाळवा तालुक्यात, म्हणून पहिला मान माझा. सर मूळचे आमच्याकडचे, ढवळीचे. जन्म १५ जुलै १९२९. शेतकऱ्याचं घर. पत्री सरकारचा मुलूख तो, बेचाळीसनंतरच्या गोष्टी ऐकतच ती पिढी वाढली. १९४८ ला शेतकरी कामगार पक्षात (शेकापमध्ये) आले, म्हणजे पक्ष जन्मतोय तेव्हाच. अर्थशास्त्रात एम. ए., नंतर वकिलीची पदवी. साताऱ्याला रयतच्या शिवाजी कॉलेजात शिकवलं, पुढं इस्लामपूरच्या कॉलेजचे प्राचार्य. मधल्या काळात मुंबईत गिरणी कामगारांच्या युनियनचं कामही केलं.

परिषदेत गेले तेव्हा वय जेमतेम तीस-एकतीस. आजच्या भाषेत 'युवा नेते'. आता या वयाचे युवा नेते वाढदिवसाच्या फ्लेक्सवर असतात, असो.

गंगावेस_कट्टा

सगळं मान्य. सरांबद्दल आदर हाय, नाद न्हाई. पण एक विचारतो, राग मानू नका. तेवीसपैकी अठरा वर्षं विधान परिषद. म्हणजे मागचं दार. थेट लोकांनी निवडून दिलं ते एकदाच, १९८५ ला. गणपतराव देशमुख त्यांच्याच पक्षाचे, सांगोल्यातून अकरा वेळा आले. मग विधिमंडळातला मोठा कोण म्हणायचा? ज्याला लोक परत परत धाडतात तो, का ज्याला वरच्या सभागृहातनं घेतात तो?

मंगळवारपेठकर

@गंगावेस_कट्टा, येणार हे माहीत होतंच. कुणीतरी उत्तर द्या, मी आत्ता दुकानात आहे.

जुना_लघुलेखक

मी देतो. माझी सगळी नोकरी मुंबईत सरकारी कचेरीत, त्यातली बरीच वर्षं अधिवेशनाच्या कामाशी संबंध. सरांच्या परिषदेतल्या काळात मी नव्हतो, पण ती यंत्रणा आतून पाहिली आहे.

'मागचं दार' हा शब्द आजचा अनुभव धरून वापरला जातो. १९६० च्या दशकात परिषदेची कळा वेगळी होती. १९६० पासून १९७८ पर्यंत सभापती होते वि. स. पागे, तेही सांगली जिल्ह्यातले. रोजगार हमी योजनेचे जनक म्हणून महाराष्ट्र त्यांना ओळखतो. ज्या सभागृहाचा सभापती अशी योजना मांडून सरकारच्या गळी उतरवतो, ते सभागृह अडगळ नव्हे. रोजगार हमीचा कायदा २६ जानेवारी १९७९ पासून अमलात आला तेव्हा एन. डी. मंत्रिमंडळात होते.

आता परिषदेला काय करता येतं आणि काय नाही, तेही समजून घ्या. अर्थविधेयक ती फार तर चौदा दिवस ठेवून घेऊ शकते, अडवू शकत नाही. खात्यांच्या मागण्यांवर मतदान विधानसभेतच होतं, खर्चाची रक्कम कमी करा म्हणणाऱ्या कपात सूचनाही तिथंच. म्हणजे परिषदेतल्या विरोधी सदस्याच्या हातात तिजोरीची चावी नसते. उरतं काय? तारांकित प्रश्न, त्यावरचे उपप्रश्न, लक्षवेधी, अर्धा तास चर्चा, अशासकीय ठराव. थोडक्यात, सरकारला बोलतं करायची साधनं.

या साधनांत सगळ्यात धारदार कुठलं विचाराल तर उपप्रश्न. छापील प्रश्नाचं उत्तर खात्यानं आधीच लिहून दिलेलं असतं. "होय", "हे खरे आहे काय : अंशतः खरे आहे", "चौकशी चालू आहे", हे ठरलेले साचे. मंत्री ते वाचून खाली बसतो. मग सदस्य उभा राहून उपप्रश्न विचारतो, आणि त्या क्षणी मंत्र्याच्या हातातला कागद संपलेला असतो. मागं अधिकाऱ्यांच्या गॅलरीत धावपळ होते, चिठ्ठ्या पुढं सरकतात. सदस्याला विषय ठाऊक असेल तर तिसऱ्या उपप्रश्नाला मंत्र्याला "राखून ठेवावा" म्हणावं लागतं. अर्थशास्त्राचा प्राध्यापक आणि वकील असलेला माणूस तिथं काय करू शकतो याची कल्पना करा. निवडून किती वेळा आले ही मोजदाद इथं लागू पडत नाही.

कृष्णाकाठची

जियो काका. हे शाळेत नागरिकशास्त्रात असं कुणी शिकवलं असतं तर आम्ही झोपलो नसतो.

गंगावेस_कट्टा

काका, उपप्रश्नाचं पटलं. पण मग १९९० ला काय झालं ते पण सांगा की. पाच वर्षं आमदार, आणि त्यानंतर शहरातनं शिवसेना आली. तेव्हापासून लाल बावट्याला, म्हणजे शेकापला, शहरात जागा न्हाई ती न्हाईच.

मंगळवारपेठकर

हे माझ्या पेठेतलं आहे, मी लिहितो.

तेव्हा उत्तर-दक्षिण अशी वाटणी नव्हती, 'कोल्हापूर' असा एकच शहरी मतदारसंघ होता. कोल्हापूर म्हणजे शेकापचा जुना गड. माधवराव बागलांपासूनची परंपरा, त्र्यं. सी. कारखानीसांसारखे आमदार. शहरात मतं तालमीवर फिरतात हे बाहेरच्याला सांगून कळत नाही. तालीम म्हणजे नुसती कुस्तीची जागा नव्हे. गणपती, फुटबॉल, अंत्ययात्रा, पोराचं लग्न, नळाला पाणी नाही, सगळं तिथनंच हलतं. पंच्याऐंशीत माझे वडील आणि त्यांच्या तालमीतले सगळे खटाऱ्याला मत द्यायचे. खटारा ही निशाणी आत्ताच्या पोरांना माहीत पण नसेल.

पंच्याऐंशी ते नव्वद या पाच वर्षांत पेठापेठांत शिवसेनेच्या शाखा निघाल्या. भगवे बोर्ड लागले. वीस-बावीस वर्षांच्या पोरांना शाखेत काम मिळालं, पद मिळालं, चारचौघांत नाव झालं. शेकापकडं त्याच पोरांना द्यायला काय होतं? अभ्यासवर्ग. सरांचं भाषण दीड-दोन तास चालायचं, आकड्यांवर आकडे. आमच्या वडिलांना ते आवडायचं, माझ्या मोठ्या भावाला नाही. एका घरात दोन मतं पडली ती तिथनं.

आणि खरं सांगायचं तर आमदाराकडं लोक गटार तुंबलं म्हणून पण जातात. सरांचा पिंड त्याचा नव्हता. दाखल्याला सही पाहिजे असणाऱ्याला वीजदराचं गणित ऐकायचं नसतं. हा सरांचा कमीपणा म्हणा किंवा आपला, पण मतपेटीत त्याचा हिशोब होतो.

टेम्पोवाला_फुलेवाडी

थोरामोठ्यांत बोलतोय, समजून घ्या. मला विधान परिषद कळत न्हाई. मला टोल कळतो.

शहरातले रस्ते कंपनीनं केले, बीओटीवर, म्हणजे आधी बांधायचं आणि मग टोलनं वसूल करायचं, तीस वर्षांचा करार. शहराला येणाऱ्या सगळ्या वाटांवर नाके. शिरोली, उचगाव, कळंबा, आमच्या फुलेवाडीचा एक. माझा भाजीचा टेम्पो. गगनबावड्याकडनं माल आणायचा तर नाका चुकतच न्हाई. एमएच ०९ ची गाडी, घर इथं, घरफाळा इथं, आणि गावात शिरायला पैसे. नाक्यावरची पोरं पावती पुढं करायची, आम्ही गाडी बंद करून बसायचो. मागं रांग. हॉर्न. कुणीतरी खाली उतरायचं, "देणार न्हाई" सुरू. पोलीस यायचे, जा म्हणायचे, गाडी सुटायची. परत दुसऱ्या दिवशी तेच.

असं रोज भांडून माणूस दमतो. मग सभा झाली की बरं वाटायचं. एका बाजूला एन. डी. सर, एका बाजूला कम्युनिस्ट नेते गोविंद पानसरे, आमचे अण्णा. सर ऐंशीच्या पुढं, हाताला धरून आणायला लागायचं. पण बोलायला लागले की करारातली कलमं. रस्त्याची लांबी काय ठरलेली, किती झाली, गटारी कुठं सोडल्या, झाडं लावायची होती ती कुठायत. आम्ही नाक्यावर जे अडाण्यागत भांडत होतो ते सरांनी कागदावर आणून दिलं. दुसऱ्या दिवशी नाक्यावर मी पण म्हणालो, काम पुरं झाल्याचा दाखला दाव, मग टोल माग. त्या पोराला काय बोलावं कळंना.

जुना_लघुलेखक

फुलेवाडीकर, तुम्ही जे केलंत त्याला सभागृहाच्या भाषेत उपप्रश्न म्हणतात.

टेम्पोवाला_फुलेवाडी

व्हय का! मग आम्ही बी आमदारच की.

गंगावेस_कट्टा

ईषय हार्ड. पण टोलचा शेवट पण सांगा की. जानेवारी २०१४ ला नाके पेटले, ते सरांच्या अभ्यासानं न्हाई पेटले. आणि २०१५ च्या डिसेंबरात सरकारनं टोल रद्द केला तो कंपनीला सरकारी पैसे देऊन. म्हणजे टोल तुम्ही आम्ही भरलाच, नाक्यावर न्हाई भरला एवढंच.

मंगळवारपेठकर

सरकारी तिजोरीतनं गेले हे खरंय. पण तीस वर्षं नाक्यावर उभं राहण्यापेक्षा एकदाच मूल्यांकन करून हिशोब संपवणं कधीही स्वस्त. आणि त्या मूल्यांकनाचा आग्रह आंदोलनाचाच होता. रस्त्यांची कामं खरोखर किती किमतीची झाली ते तपासा, हीच तर मागणी होती. जाळपोळीनं बातमी झाली, सरकारला कोंडीत धरलं ते कागदानं.

पानसरे अण्णांचं दुःख वेगळंच. फेब्रुवारी २०१५ ला त्यांच्यावर गोळ्या झाडल्या. टोल रद्द झालेला त्यांना बघायला मिळाला नाही.

निपाणीचा_मराठा

आम्हाला विसरू नका. सीमाभागात सरांचं नाव टोलमुळं नाही, सीमाप्रश्नामुळं घेतात. महाराष्ट्र सरकारची जी तज्ज्ञ समिती आहे तिचे ते अध्यक्ष होते. २००४ साली महाराष्ट्रानं सर्वोच्च न्यायालयात दावा लावला, त्याला लागणारं कागदोपत्री काम सोपं नाही. महाजन आयोगाचा अहवाल कुठं चुकला हे भावनेनं सांगणारे आमच्याकडं घरोघरी आहेत. खेडं हा घटक धरायचा का नाही, भाषिक बहुसंख्या कशी मोजायची, भौगोलिक सलगता म्हणजे काय, हे तत्त्व म्हणून मांडणारे हाताच्या बोटावर. मुंबईचे मंत्री हुतात्मा दिनाला येऊन डोळे पुसून जायचे. सर आले की सभा संपताना लोकांच्या हातात एखादा मुद्दा असायचा.

दावा अजून लटकलाच आहे, त्याबद्दल काय बोलायचं.

कृष्णाकाठची

आता नाजूक विषय काढते. मेहुणे.

सरोजमाई या शरद पवारांच्या सख्ख्या बहीण. म्हणजे सर पवारांचे मेहुणे. १९७८ ला पुलोदचं, म्हणजे पुरोगामी लोकशाही दलाच्या आघाडीचं, सरकार आलं, पवार मुख्यमंत्री, सर सहकारमंत्री. बाहेरचा माणूस लगेच म्हणणार, नात्यातलं मंत्रिपद. पण शेकाप पुलोदमधला घटक पक्ष होता आणि सर त्या पक्षाचे बिनीचे नेते. गणपतराव पण त्याच मंत्रिमंडळात होते, ते कुणाचे मेहुणे नव्हते.

पुढचं बघा. १९९३ ला एन्रॉन कंपनीच्या दाभोळ प्रकल्पाचा वीजखरेदी करार झाला तेव्हा मुख्यमंत्री पवारच. आणि एन्रॉनविरोधात महाराष्ट्रभर फिरणाऱ्यांत सर पुढं. नंतर रायगडात महामुंबई सेझ (विशेष आर्थिक क्षेत्र) आलं, पवार केंद्रात मंत्री. उरण, पेण, पनवेलची शेती वाचवायला सर परत मैदानात. सप्टेंबर २००८ ला पेण तालुक्यातल्या बावीस गावांत सरकारला सार्वमत घ्यावं लागलं. जमीन द्यायची का नाही हे शेतकऱ्याला मत टाकून विचारलं, हे आपल्या देशात किती वेळा झालंय?

आणि हे सगळं चालू असताना रयत शिक्षण संस्थेत पवार अध्यक्ष आणि सर चेअरमन. १९९० पासून पुढं अठरा वर्षं. एका टेबलावर कर्मवीरांची संस्था चालवायची आणि बाहेर रस्त्यावर विरोधात उभं राहायचं. आमच्याकडं बांधावरनं भांडण झालं तर लग्नाच्या पत्रिका बंद होतात. या घरात दिवाळी कशी व्हायची मला फार कुतूहल आहे.

शाहूपुरी_तिसरी_गल्ली

@कृष्णाकाठची, याची दुसरी बाजू पण आहे. एवढं जवळचं नातं असून सरांना एन्रॉन थांबवता आला नाही. युती सरकारनं १९९५ ला करार रद्द केला आणि परत नव्यानं केला. प्रकल्प २००१ ला बंद पडला तो पैशाच्या ओझ्यानं, आंदोलनानं नव्हे. सर जे आकडे सांगत फिरत होते ते खरे निघाले, पण खरे निघेपर्यंत महाराष्ट्र वीज मंडळ पार वाकलं होतं. बरोबर असणं आणि वेळेवर ऐकलं जाणं यात फरक असतो. सभागृहात शेकापचे आणखी वीस-पंचवीस आमदार असते तर ऐकलं गेलं असतं. १९६० च्या दशकात कृष्णराव धुळप विधानसभेत विरोधी पक्षनेते होते. ती ताकद पक्षानं कुठं घालवली, हा प्रश्न पक्षाचे सरचिटणीस म्हणून सरांनाही विचारायला पाहिजे. १९६९ ते ७८, परत १९८५ ते २०१० एवढा काळ ते सरचिटणीस होते. पक्ष त्याच काळात आक्रसला.

मंगळवारपेठकर

ही टीका रास्त आहे. उत्तर माझ्याकडं अर्धंच आहे. यशवंतराव चव्हाणांच्या बेरजेच्या राजकारणात शेकापची माणसं एकेक करून काँग्रेसमध्ये गेली. शंकरराव मोरे, केशवराव जेधे तर त्याच्याही आधीच गेले होते. सहकारी साखर कारखाना, जिल्हा बँक, दूध संघ, सगळं सत्तेच्या बाजूला. कारखान्याचं लायसन पाहिजे तर विरोधी बाकावर बसून चालत नाही. जे राहिले ते हट्टी होते. हट्टी लोक चांगले विरोधक होतात, संघटना वाढवायला मात्र थोडी मऊ माणसं लागतात. ती आधीच निघून गेली होती.

गंगावेस_कट्टा

तेच तर म्हणतोय मी. सहकारमंत्री झाले होते की. या कारखानदारांच्या नाड्या हातात आल्या होत्या. काय केलं?

जुना_लघुलेखक

जुलै १९७८ ते फेब्रुवारी १९८०. दोन वर्षंही पुरी नाहीत. इंदिरा गांधी परत आल्या आणि सरकार बरखास्त झालं. तेवढ्यात काय होतं याचा हिशोब करताना हेही धरा की एन. डी. तेव्हा परिषदेचे सदस्य होते, विधानसभेचे नव्हते. मंत्र्याला दोन्ही सभागृहांत बोलता येतं, मत मात्र आपल्याच सभागृहात. म्हणजे आपल्या खात्याची मागणी विधानसभेत मांडायची आणि मतदानाच्या वेळी बघत बसायचं.

कापूस एकाधिकार खरेदी हा त्या काळातला सगळ्यात मोठा विषय. योजना १९७२ ची. सगळा कापूस सरकारी यंत्रणेनं घ्यायचा, व्यापारी मधे नको. विदर्भ-मराठवाड्याच्या शेतकऱ्याला हमीभाव आणि नंतर बोनस. कागदावर सुंदर, गोदामात कटकटीची. शेजारच्या राज्यात भाव चढा असला की कापूस रातोरात सीमेपलीकडं, उतरला की तिकडचा इकडं. ऊसवाल्या मुलखातला माणूस कपाशीच्या या भानगडीत मंत्री म्हणून काय बोलत होता, हे वाचण्यासारखं आहे. विधिमंडळाच्या चर्चेचे खंड छापलेले आहेत, बरेच आता संकेतस्थळावर सुद्धा चढवलेत. सदस्याच्या नावाची सूची खंडाच्या शेवटी असते, पण शोधताना आडनाव 'पाटील' असल्यामुळं घाम फुटेल. "श्री. ना. ज्ञा. पाटील" असं पण बघा, फक्त "एन. डी." वर थांबू नका.

कृष्णाकाठची

शिवाजी विद्यापीठात खर्डेकर ग्रंथालयात यातलं काही आहे का? कुणी बघितलंय?

मंगळवारपेठकर

मी या आठवड्यात जाऊन विचारतो. आधी १९७८ ते ८० घेऊया, मग आमदारकीची पाच वर्षं. जे सापडेल ते टाईप करून इथंच टाकू. @शाहूपुरी_तिसरी_गल्ली, तुम्ही कपात सूचनांचं बघाल का?

शाहूपुरी_तिसरी_गल्ली

बघतो. मार्च-एप्रिलची अर्थसंकल्पी अधिवेशनं माझ्याकडं द्या.

टेम्पोवाला_फुलेवाडी

खंड उचलायला टेम्पो लागला तर सांगा.

गंगावेस_कट्टा

मी पण येतो, पण अट आहे. नुसती गाजलेली भाषणं निवडून आणायची न्हाईत. मंत्री असताना विरोधी बाकावरनं सरांना कुणी उपप्रश्न विचारले आणि सर कुठं अडकले, ते पण टाईप करायचं. अन् कुठल्या प्रश्नावर "राखून ठेवावा" म्हणाले तेवढं मला पहिल्यांदा दावा.